चाळीस फेऱ्या, दोन सह्या

मंगळवारी सकाळी सातच्या सुमारास मी सिंगापुरात, आंग मो किओला ऑफिसात एका निरर्थक मीटिंगमध्ये बसलो होतो, तेव्हा ईशाचा फोन आला. ईशा म्हणजे अरविंद तिरोडकरची मुलगी, पॉलिटेक्निकच्या शेवटच्या वर्षाला आहे. ती मला कधी फोन करत नाही. मेसेज करते, तोही आईने तिसऱ्यांदा सांगितल्यावर. "अंकल, पापा फेल डाउन, आउटसाइड द डोअर. आई वेंट विथ द ॲम्ब्युलन्स. यू कम, कॅन?" मी "कॅन, कॅन" म्हणालो आणि साहेबाला सांगितलं, की मित्र पाय घसरून पडलाय, तासाभरात परत येतो. टॅक्सीत बसल्यावर मी स्वतःलाही तेच सांगत राहिलो, कारण दुसरं काय असू शकतं हे मला चांगलं माहीत होतं. हॉस्पिटलच्या कॉरिडॉरमध्ये माधवीवहिनी प्लास्टिकच्या खुर्चीवर बसल्या होत्या, मांडीवर त्याची पोहायची पिशवी. दाराबाहेर चपलांच्या रॅकशेजारी त्यांचं एक बुटकं स्टूल असतं. त्यावर बसून तो सँडल घालत होता, आणि तिथून उठलाच नाही. "गेले," वहिनी म्हणाल्या. मी शेजारच्या खुर्चीवर बसलो.

थोड्या वेळाने एक तरुण डॉक्टरीण कागद घेऊन आली. तिला फॉर्म भरायचा होता. आवाज अगदी मऊ ठेवून तिने विचारलं, की यांना छातीत दुखण्याचा त्रास किती दिवसांपासून होता? वहिनी एकदम ताठ झाल्या. "नो पेन," त्या म्हणाल्या, "ही स्विम्स फॉर्टी लॅप्स एव्हरी डे. इट इज रिटन." मग माझ्याकडे वळून, "सांगा ना भावोजी, तुम्हीच तर सही करता रोज." डॉक्टरीण माझ्याकडे बघत होती. आणि मी म्हणालो, "येस डॉक्टर. फॉर्टी."

ते खोटं होतं. गेल्या सात आठवड्यांत तिरोडकर धड पोहलेला नव्हता, आणि शेवटचे पाच आठवडे तर तो पाण्यात उतरलाही नव्हता. हे त्याच्याशिवाय फक्त मला माहीत होतं. या लेखात मी त्याच्याबद्दल पुष्कळ चांगलं लिहिणार आहे, कारण तो तसा होताच. पण हे आधी लिहून टाकतो. नाहीतर पुढचं सगळं म्हणजे शोकसभेतलं गोड भाषण होईल, आणि तसली दोन भाषणं मी या महिन्याभरात ऐकली आहेत.

तिरोडकर मूळचा वेंगुर्ल्याचा, पेशाने मरीन इंजिनिअर. जहाजावर चीफ होता. पाच-सहा महिने समुद्रावर आणि मग दोन-तीन महिने बुकित बातोकच्या आठव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये, असं त्याचं आयुष्य वीस वर्षं चाललं होतं. मी तीन ब्लॉक पलीकडे राहतो, पुण्याचा, सॉफ्टवेअरवाला. आमच्या दोघांत समान असं काही नव्हतं. तो मासे खायचा, मी मासे बघून नाक मुरडायचो. त्याला सगळ्या जगातली बंदरं माहीत होती आणि मला ऑफिस ते घर एवढी एमआरटीची, म्हणजे मेट्रोची, लाइन. आमची गाठ पडली ती आमच्या भागातल्या सरकारी क्रीडासंकुलात, आणि पुढची नऊ वर्षं आमची मैत्रीही बहुतेक त्याच आवारात राहिली. एकमेकांच्या घरी जेवायला आम्ही वर्षातून चारदाच गेलो असू.

हे संकुल काही कुणी मुद्दाम बघायला जावं असं नाही. ज्यांनी सिंगापूरचे फोटो पाहिलेत त्यांना ते सिंगापुरातलं वाटणारही नाही. रस्त्यालगत फिकट निळा रंग दिलेली भिंत, आत चारशे मीटरचा लाल ट्रॅक, आणि मधोमध गवत, ज्यावर एरवी पाय ठेवायला बंदी म्हणून ते कायम हिरवंगार. एका अंगाला बॅडमिंटनचा हॉल. त्याचं कोर्ट मिळवायला सकाळी सातच्या ठोक्याला इंटरनेटवर तुटून पडावं लागतं, आणि सात वाजून एक मिनिटाने सगळी कोर्टं गेलेली असतात. गॅलरीच्या पोटात एक व्यायामशाळा, खिडक्या नसलेली. ट्रॅकच्या कोपऱ्यावर पहाटे पंखे घेऊन तायची करणाऱ्या बायका. आणि मागच्या बाजूला पोहण्याचे तलाव : स्पर्धेचा पन्नास मीटरचा, त्याला लागून छातीएवढ्या पाण्याचा शिकाऊ तलाव, पलीकडे पोरांचा. मोठ्या तलावाच्या लांबीला समांतर काँक्रीटच्या पायऱ्यांची गॅलरी आहे, वर पत्र्याचं छप्पर. शाळांच्या स्पर्धा असल्या की ती भरते. एरवी तिथे टॉवेल वाळत असतात.

मी तिथे आलो ते डॉक्टरांनी वजन कमी करा म्हणून दम दिल्यावर. चाळिशीत आलेला माणूस शिकाऊ तलावाच्या कठड्याला धरून पाय झाडत होता, आणि शेजारी सहा वर्षांच्या चिनी मुली माशांसारख्या सुळकन निघून जात होत्या. तिरोडकर मोठ्या तलावातून बाहेर आला, माझ्याकडे पाच मिनिटं बघत उभा राहिला आणि मराठीत म्हणाला, "पुण्याचे ना तुम्ही?" मी म्हटलं, कशावरून? "पाण्याशी वाद घालताय." त्या दिवसापासून त्याने मला ताब्यात घेतलं. पहिल्या रजेत मला तरंगायला शिकवलं, दुसऱ्या रजेत पोहायला. शिकवताना तो कधी ओरडला नाही. माझ्या पाठीखाली एक हात ठेवायचा आणि म्हणायचा, "सोड. सगळं सोड. पाणी धरतं." तो हात त्याने कधी काढून घेतला ते मला कळलंही नव्हतं.

एक प्रसंग सांगायलाच हवा. मी दहा-बारा फेऱ्या मारायला लागलो होतो तेव्हाची गोष्ट. मोठ्या तलावाच्या खोल टोकाला माझ्या पोटरीत गोळा आला, नाकातोंडात पाणी गेलं आणि मी खाली गेलो. लाइफगार्ड शिट्टी वाजवेपर्यंत तिरोडकरने मला बखोटीला धरून काठाला आणलं होतं. बाहेर येऊन मी खोकत, थरथरत बसलो आणि पहिली गोष्ट काय बोललो, तर, "मीनलला सांगू नकोस." मीनल माझी बायको. तिला आधीच माझं पोहणं पसंत नव्हतं. तिरोडकरने माझी पिशवी उचलली, माझ्याबरोबर घरापर्यंत आला, बेल वाजवली आणि मीनलने दार उघडल्याबरोबर म्हणाला, "वहिनी, हा आज बुडत होता. आता ठीक आहे. आठवडाभर पाण्यात पाठवू नका." मी आठ दिवस त्याच्याशी बोललो नाही. नवव्या दिवशी तोच आला. "रुसलास होय? अरे, ती तुझी बायको. तिला न सांगून मी कुठे जाऊ?" माझा रुसवा गेला, पण खरं सांगतो, मनात कुठेतरी राग राहिलाच.

जहाजावरच्या माणसाला काठावरचं रिकामपण सोसत नाही. तिरोडकरने रजेतल्या उद्योगासाठी या संकुलाचा इतिहास लिहायला घेतला होता, आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीच्या स्मरणिकेसाठी. संकुल पाडून नव्याने बांधणार अशी कुजबुज सुरू झाली होती. "पाडायच्या आधी कुणीतरी लिहून ठेवायला नको?" तो म्हणायचा. मंडळात सगळ्यांनी तोंडं वाकडी केली. स्मरणिकेत लोकांना उकडीच्या मोदकांच्या पाककृती हव्या असतात. पण त्याने माहिती गोळा करणं सोडलं नाही, आणि त्याला ती मिळाली अंकल लिमकडून. अंकल लिम सत्तरीचे, या तलावावरच्या सुरुवातीच्या लाइफगार्डांपैकी एक, निवृत्त झाल्यावरही रोज पहाटे येणारे. "यू इंडियन सेलर आह, सो मेनी क्वेश्चन्स," असं कुरकुरत ते कोपीचा, म्हणजे इथल्या कॉफीचा, कप घेऊन बसायचे आणि तासभर बोलायचे.

त्यांच्या सांगण्याप्रमाणे इथे आधी भाजीचे मळे होते आणि डुकरं पाळणारी दहा-बारा घरं. त्यातलं एक लिम कुटुंबाचं. आज जिथे मोठा तलाव आहे तिथे त्यांच्या वडिलांचं तळं होतं, बदकांचं. मग वस्तीसाठी जमीन गेली, कुटुंबाला दहाव्या मजल्यावर फ्लॅट मिळाला आणि त्या म्हाताऱ्याने पुढे आयुष्यभर लिफ्टमध्ये पाऊल ठेवलं नाही, दहा मजले चढून जायचा. आधी तलाव झाले, मग ट्रॅक, सगळ्यात शेवटी हॉल. ट्रॅक तेव्हा मातीचा होता आणि पाऊस आला की तिथे पुन्हा मळे दिसायचे. तलाव उघडला त्या दिवशी इतकी माणसं आली, की पाणी दिसेना, नुसती डोकी. व्यायामशाळेच्या जागी तेव्हा कँटीन होतं. "बिफोर, आय लुक आफ्टर डक," अंकल लिम म्हणाले, "देन आय लुक आफ्टर पीपल. सेम प्लेस, लाह." तिरोडकरने हे वाक्य जसंच्या तसं वहीत उतरवून घेतलं आणि त्याखाली दोनदा रेघ ओढली. त्याच्या वडिलांची वेंगुर्ल्याची बागही रस्त्यात गेली होती, हे मला पुढे कधीतरी कळलं.

आता त्या वहीबद्दल. जाड पुठ्ठ्याचं, लांबट, हिरव्या पाठीचं रजिस्टर. मागच्या पानांवर संकुलाचा इतिहास आणि पुढच्या पानांवर रोजचं लॉग. इंजिनरूममध्ये दर पाळीला तापमानं, दाब, सगळं लॉगबुकात लिहितात, पाळीवरचा इंजिनिअर सही करतो आणि चीफ त्याखाली. तिरोडकरने तीच शिस्त तलावावर आणली : तारीख, फेऱ्या, लागलेला वेळ, शेरा, सही. एका सहीवर त्याचं भागत नसे. "दोन सह्या नसतील तर नोंद कसली? ते नुसतं पत्र." म्हणून दुसरी सही माझी. तो मला 'सेकंड' म्हणायचा, सेकंड इंजिनिअर या अर्थी, आणि मला ते आवडायचं. पोहून झाल्यावर गॅलरीच्या खालच्या पायरीवर बसून, अंगावरचं पाणी वहीवर पडू न देता, आम्ही सह्या करायचो. एकदा मी गंमतीने म्हटलं, आज एकोणचाळीसच झाल्या, चाळीस लिही, काय फरक पडतो? तो उखडला. एका ज्युनिअरने खाली न उतरताच बॉयलरचं तापमान लिहिलं होतं, त्याची गोष्ट सांगितली. त्या पोराला त्याने इंजिनरूमच्या शिड्या दिवसभर चढायला-उतरायला लावल्या होत्या आणि पुढच्या बंदरात घरी पाठवलं होतं. "न बघता लिहिणाऱ्याच्या हातात मी माझं जहाज देणार नाही," तो म्हणाला आणि वहीत एकोणचाळीस लिहिले.

वही घरी चपलांच्या रॅकवर असायची. वहिनी तलावाकडे कधी फिरकल्या नाहीत, ईशा लहान असताना तिला पोहण्याचं प्रमाणपत्र मिळालं तेवढ्यापुरत्या आल्या असतील. पण वही त्या रोज बघायच्या. तिरोडकरचं कोलेस्टेरॉल वाढलं तेव्हा त्याने त्यांना वचन दिलं होतं, की जमिनीवर असेन तोवर रोज चाळीस. म्हणजे दोन किलोमीटर. "वहीत आलं की मी निर्धास्त," त्या मीनलला म्हणायच्या. नवऱ्याच्या शब्दापेक्षा त्या सहीवर विश्वास ठेवायच्या, कारण खाली माझी सही असायची.

गेल्या वर्षी सुमात्रातली जंगलं पेटली आणि नेहमीप्रमाणे सगळा धूर, इथल्या भाषेत हेझ, आमच्याकडे आला. समोरचा ब्लॉक दिसेना, शाळा बंद झाल्या, संकुलातही मैदानी खेळ थांबवले. तलाव दोन-चार दिवसांनी उघडला, तेव्हा आम्ही दोघं मास्क लावून चालत गेलो. दहाव्या फेरीला तिरोडकर काठाला थांबला. "हेझ," तो म्हणाला आणि छातीवर हात फिरवला. मलाही दम लागत होता, तेव्हा मला ते पटलं. मग वारा फिरला, आभाळ धुतल्यासारखं झालं, तायचीवाल्या बायका परतल्या. तिरोडकरचा दम मात्र गेला नाही. एके दिवशी आठ फेऱ्यांनंतर तो पाण्यातून बाहेर आला आणि गॅलरीत वरून तिसऱ्या पायरीवर, खांबाला टेकून बसला. मी वर गेलो. त्याचा चेहरा राखेच्या रंगाचा झाला होता आणि कपाळावर पाणी नव्हतं, घाम होता.

"इथे," तो म्हणाला, "कुणीतरी लोखंडी पान्यांची पेटी ठेवल्यासारखं वाटतं. मग जाते."

"किती दिवस?"

"पंधरा-वीस दिवस."

मी म्हटलं, आत्ताच्या आत्ता दवाखान्यात चल. तो हसला. पुढच्या महिन्यात त्याची जहाजावर जाण्याआधीची मेडिकल होती. छप्पन्न वर्षांचा होता तो. हे शेवटचं कॉन्ट्रॅक्ट, मग कायमचा घरी, असं त्याने ठरवलं होतं. आता डॉक्टरकडे गेलो तर कागद होणार, कागद झाला की कंपनी विचारणार, आणि मग खलाशांच्या पासपोर्टसारख्या पुस्तकात 'अनफिट' असा शिक्का बसणार. "चौतीस वर्षं झाली रे. मला शेवटच्या जहाजावरून माझ्या पायांनी उतरायचंय. कुणी उतरवलेलं नको." मग आवाज खाली आणून, वेंगुर्ल्याच्या बोलीत, "चार आठवडे आराम करतंय. सगळा ठीक होतला." मी म्हटलं, वहिनींना सांग. तर म्हणाला, "ती मला त्याच दिवशी ओढत नेईल. तू पण सांगू नकोस."

मी त्याला माझं बुडणं काढून दाखवलं. तू सांगितलं होतंस ना मीनलला? तो म्हणाला, "मी चीफ. तू सेकंड." आणि आम्ही दोघं हसलो. मी का ऐकलं? मी पुष्कळ कारणं शोधली आहेत. दुसऱ्याच्या संसारात नाक खुपसू नये, ही आमच्या घरची शिकवण. तो माझ्यापेक्षा मोठा, शहाणा, मी त्याला काय सांगणार. पण खरं कारण वेगळं आहे आणि ते लिहायला लाज वाटते. त्याने घरच्यांना न सांगितलेलं मला सांगितलं याचा मला आनंद झाला होता.

मग ते सुरू झालं. आराम करायचा, पण घरी कळू द्यायचं नाही. म्हणून रोज सकाळी साडेसहाला नेहमीसारखंच निघायचं. पहिले दोन आठवडे तो पाच-सहा फेऱ्या मारायचा, पुढे त्याही बंद. तो त्या वरच्या पायरीवर खांबाला टेकून बसायचा, तासभर. निघताना शॉवरखाली डोकं आणि चड्डी भिजवून घ्यायचा, टॉवेल ओला करायचा. आणि वहीत चाळीस. पहिल्या दिवशी ते लिहिताना त्याचा पेन बराच वेळ कागदावर टेकलेला होता. मग त्याने एक तोड काढली. "तू चाळीस मार. रकान्यात फेऱ्या लिहिल्यात, कुणाच्या ते लिहिलेलं नाही. म्हणजे आकडा खोटा होणार नाही." ज्या माणसाने एकोणचाळीसचे चाळीस होऊ दिले नव्हते, त्याने असं म्हणावं! आणि मी ते केलं. मी तोवर वीस-बावीसच्या वर कधी गेलो नव्हतो. दहा दिवसांत मी चाळीसवर पोचलो. माझं पोट उतरलं, ऑफिसात लोक विचारायला लागले. दर वेळी त्या टोकाला वळताना मान वर केली की तो दिसायचा, बसलेला, कधी कधी अंगठा वर करणारा.

जहाजाची तारीख पुढे ढकलली गेली, तशी मेडिकलही. चाराचे सात आठवडे झाले. मी त्याला तीनदा विचारलं. तिसऱ्या वेळी तो चिडला, म्हणून चौथ्यांदा विचारलं नाही. मंगळवारी मला लवकरची मीटिंग असते, त्या दिवशी तो एकटाच जायचा आणि माझी सही बुधवारी घ्यायचा. तो गेला तेव्हा मेडिकल नऊ दिवसांवर आली होती.

दिवसपाणी आटोपल्यावर, एका रविवारी दुपारी वहिनींनी मला बोलावून घेतलं. टेबलावर ती वही होती. मला वाटलं, स्मरणिकेच्या लेखाचं बोलायचं असेल, आणि सुरुवात त्यांनी त्यानेच केली. "हे अर्धवट राहिलंय, तुम्ही पुरं करा." मग त्यांनी वही उलटी केली आणि पुढचं शेवटचं लिहिलेलं पान उघडलं. सोमवार. फेऱ्या चाळीस. वेळ अठ्ठावन्न मिनिटं. शेरा : उत्तम. दोन सह्या.

"मी रोज हे वाचते," त्या म्हणाल्या. "सोमवारी चाळीस फेऱ्या, उत्तम. आणि मंगळवारी माणूस गेला. असं कसं होईल भावोजी? मधे काय झालं? सोमवारी मी बांगड्याचं तिखलं केलं होतं. त्यांनी मागितलं म्हणून. दोनदा वाढलं. तेल जास्त होतं. माझ्या हातूनच काहीतरी..." ईशा सोफ्यावर बसली होती, ती म्हणाली, "आई, स्टॉप इट लाह, आय टोल्ड यू नॉट द फिश." त्यावरून कळलं, की हे संभाषण त्या घरात रोज होत असणार.

मी सांगितलं. हेझपासून सगळं. पान्यांची पेटी, पायरी, शॉवर, मेडिकल, माझी सही. सांगताना मी वहीकडे बघत होतो. बोलणं संपलं तेव्हा आधी ईशा उठली. "यू न्यू? ऑल दिस टाइम, यू न्यू?" एवढं म्हणून ती आत गेली आणि दार लावून घेतलं. वहिनी रडल्या नाहीत. त्यांनी वही मिटली, तिच्यावर हात ठेवला. त्या घरात इतक्या वर्षांत पहिल्यांदा मला कुणी चहा विचारला नाही. मग त्यांनी विचारलं, "तुम्ही जाता का अजून तिथे?"

"नाही. त्यानंतर गेलो नाही."

"उद्या जाऊ. मला ती जागा दाखवा."

सकाळी साडेसहाला त्या खाली लिफ्टपाशी उभ्या होत्या, राखाडी पंजाबी ड्रेसमध्ये, हातात काही नाही. वाटेत एकदाच बोलल्या. "मंडळात सगळे त्यांचं छान छान बोलतायत. तुम्ही लिहाल तेव्हा नुसतं छान लिहू नका." फिरत्या दांड्यांच्या फाटकातून आत गेलो. अंकल लिम काठावर होते. त्यांनी आम्हाला पाहिलं, डोक्यावरची रबरी टोपी काढून हातात धरली आणि मान खाली घातली. वहिनींनी त्यांना नमस्कार केला. मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "कुठे?"

मी गॅलरी चढून वरून तिसरी पायरी दाखवली, खांबाजवळची. त्या बसल्या. खांबाला टेकल्या. समोरच्या भिंतीवर मोठं घड्याळ आहे, त्याच्याकडे एकदा बघितलं आणि मग पाण्याकडे. मी चार पायऱ्या खाली बसलो. पोहणारे पोहत होते. शाळेची एक तुकडी आली, शिट्ट्या झाल्या, ती मुलं शिकाऊ तलावात उतरली. ऊन छपराखालून सरकत खालच्या पायऱ्यांवर आलं. मधे एकदा मी विचारलं, पाणी आणू का? त्यांनी मान हलवली. त्या अठ्ठावन्न मिनिटं तिथे बसून राहिल्या. मीही घड्याळ बघत होतो.

"एवढा वेळ बसायचे?" त्या म्हणाल्या.

"हो."

"असेच? एकटे?"

"हो, वहिनी."

"आणि तुम्ही?"

"मी पाण्यात असायचो."

त्यांनी तलावाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत नजर फिरवली.

"चाळीसही?"

"चाळीसही."

"एकदाही मधे थांबून वर त्यांच्यापाशी आला नाहीत?"

मी नाही म्हणालो. त्या उठल्या आणि माझ्यासाठी न थांबता पायऱ्या उतरून गेल्या.